रामघाटावरील सूर्य आणि पाणी

उज्जैनच्या रामघाटावर पहाटे उभे राहिले असता एक दृश्य नित्य दिसते. यात्रेकरू क्षिप्रेत बुडी घेतो आणि उगवत्या सूर्याकडे ओंजळ उंचावतो. या सूर्याविषयी आणि या पाण्याविषयी आजचे विज्ञान काय सांगते, ते आम्ही वाचकांपुढे ठेवू इच्छितो.

प्रथम सूर्य. याच नदीकाठी सवाई जयसिंहाने अठराव्या शतकात बांधलेली वेधशाळा आहे. या राजाने १७२७ साली येशूसंघीय फादर मान्युएल द फिगेरेदो यांना पोर्तुगालला धाडले. त्या मोहिमेतून मिळालेली फ्रेंच ज्योतिषी ला हीर यांची कोष्टके त्याने आकाशाशी ताडून पाहिली, तो चंद्राच्या स्थानात अर्ध्या अंशाची चूक आढळली! चूक कोणाची, हा प्रश्न गौण होता. ती सुधारणे महत्त्वाचे होते. पुढे जयसिंहाचा ग्रंथ फारसीत सिद्ध झाला व मोगल बादशहाच्या नावे प्रसिद्ध झाला. ज्ञानाला पंथाची कुंपणे नसतात, ती अशी.

पृथ्वीचा आस कलण्याचा कोन किंचित घटत असल्याने कर्कवृत्तही दरवर्षी सुमारे १५ मीटर दक्षिणेस सरकते. सांप्रत ते उज्जैनच्या उत्तरेस डोंगला गावाजवळून जाते. तेथेही वेधशाळा उभी आहे. २ सप्टेंबर २०२३ रोजी निघालेले भारताचे ‘आदित्य-एल१’ यान तर पृथ्वीपासून १५ लाख किलोमीटरांवर जाऊन सूर्य न्याहाळण्यासाठी धाडले गेले.

आता पाणी. २०१४ मध्ये क्षिप्रेत नर्मदेचे पाणी आणले गेले. परंतु इंदूरकडून येणारी कान्ह नदी सांडपाणीही घेऊन येते. नितळ दिसणारे पाणी निर्धोक असतेच असे नाही. रसायनशास्त्रज्ञ त्यातील विरघळलेला प्राणवायू मोजतो, जीवशास्त्रज्ञ विष्ठेतून आलेल्या जंतूंची गणना करतो. मुंबईत २००१ पासून सांडपाण्यात पोलिओचा विषाणू शोधला जाऊ लागला. मूल लुळे पडण्याची वाट न पाहता धोका कळू लागला. २०१४ साली भारत पोलिओमुक्त ठरला, त्यात लसीबरोबर या दक्षतेचाही वाटा आहे.

२०२८ साली सिंहस्थास या घाटावर अपार गर्दी लोटेल. इतरांच्या तीर्थाकडे बोट दाखविण्याचा आमचा हेतू नाही. आमच्या चर्चच्या आवारातील विहिरीचे पाणी आम्ही शेवटचे केव्हा तपासून घेतले? पाण्याचे पावित्र्य श्रद्धा जाणते. ते बालकास पाजावे की नाही, हे मात्र तपासूनच ठरवावे. परमेश्वराने दिलेली बुद्धी त्याच कामी लावणे, हीही एक प्रार्थनाच होय.