युद्धकाळातील समुद्रकिनारा व नागरी विश्रांती

१९३८ च्या सवेतन रजेच्या कायद्यामुळे ब्रिटनमधील श्रमिकवर्गास समुद्रकिनारी सुटी घालविण्याची वाट मोकळी होऊ लागली होती, तोच दुसरे महायुद्ध उद्भवले. १९४० मध्ये फ्रान्सच्या पाडावानंतर दक्षिण व पूर्व किनाऱ्यांवर काटेरी तारा व सुरुंग आले. शत्रूस उतरता येऊ नये म्हणून ब्रायटन येथील करमणुकीच्या धक्क्यांचा मधला भाग तोडण्यात आला. पश्चिमेकडील ब्लॅकपूल मात्र गजबजलेलेच राहिले. पुढे रेल्वेवरील भार हलका करण्यासाठी शासनाने ‘सुटी घरीच’ या योजनेचा पुरस्कार केला व नगरपालिकांनी उद्यानांत वाद्यवादन, नृत्य इत्यादी कार्यक्रम योजिले. तात्पर्य, युद्धाने विश्रांती नाहीशी केली नाही. तिचे स्थान बदलले. उत्पादन टिकवावयाचे तर श्रमिकास विसावा दिलाच पाहिजे, ही जाणीव त्यामागे होती.