विडंबनकाराच्या सिनेमातली आई

प्रल्हाद केशव अत्रे सासवडकडचे, म्हणजे पक्के घाटावरचे. तरीही रत्नागिरी जिल्ह्याचा त्यांच्यावर हक्क आहे, असं मी कॉलेजात असल्यापासून हट्टानं सांगत आलोय. देशातलं पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक पटकावणारा त्यांचा सिनेमा आमच्या दापोली तालुक्यातल्या पालगडच्या एका घराची गोष्ट सांगतो.

रीतसर ओळख उरकून टाकतो. जन्म १८९८, मृत्यू १९६९. गडकऱ्यांचे शिष्य, पुण्यात हेडमास्तर, नाटककार, ‘नवयुग’ आणि ‘मराठा’चे संपादक, संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यातली तोफ. मास्टर विनायकांच्या ‘ब्रह्मचारी’चे (१९३८) लेखकही तेच. झालं.

आता आवडीचा विषय. ‘केशवकुमार’ या नावानं अत्र्यांनी १९२५ साली ‘झेंडूची फुले’ हे विडंबन-कवितांचं पुस्तक काढलं आणि रविकिरण मंडळाच्या उसासेबाज कवितेची यथेच्छ टोपी उडवली. याच गृहस्थांनी १९५३ साली ‘श्यामची आई’ काढून अख्ख्या महाराष्ट्राला रडवलं! लोकांना हे विसंगत वाटतं. मला नाही. हळवेपणा खोटा कुठं होतो हे ज्याला नेमकं कळतं, तोच तो खरा राखू शकतो.

सिनेमा ज्यावर बेतलाय ते याच नावाचं पुस्तक साने गुरुजींनी १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात लिहिलं. त्यातली आई नुसती मायाळू नाही. पोहायला भिऊन लपलेल्या श्यामला ती शिंपटीनं फोडून काढते. अत्र्यांनी या करारी बाईसाठी निवडली वनमाला. सोहराब मोदींच्या ‘सिकंदर’मधली (१९४१) ऐटबाज रुखसाना! तिला कोकणातल्या गरीब घरची आई करणं म्हणजे जुगारच. तो लागला. श्याम झालेले माधव वझे पुढे नाट्यदिग्दर्शक आणि समीक्षक म्हणून नावाजले.

बहुतेक गाणी अत्र्यांची, चाली वसंत देसाईंच्या. कृष्णाच्या कापलेल्या बोटासाठी द्रौपदी आपलं भारी वस्त्र फाडते, ते आशाबाईंच्या आवाजातलं गाणं माझी आजी जात्यावरच्या ओव्यांइतकं जुनं समजायची. अत्र्यांचं आहे म्हटलं तर विश्वासच ठेवीना. कवीला याहून मोठी पावती कुठली? आणि त्याच सिनेमातलं पंतोजींच्या छडीचं गाणं ऐका. झेंडूवाला तिथं मिशीत हसतोय.

पालगडला गुरुजींच्या घराचं स्मारक आहे, जरूर जा. मी गेलो तेव्हा सहलीला आलेली पोरं अंगणात तेच छडीचं गाणं बेसूर गात होती. सोबतचे मास्तर ओशाळले, मी मात्र खूश.

१९५४ साली ‘श्यामची आई’ला ते सुवर्णपदक जाहीर झालं. बिमल रॉय यांच्या ‘दो बिघा जमीन’ला गुणवत्ता प्रमाणपत्रावर समाधान मानावं लागलं. यावरून सिनेमावाले मित्र आजही माझ्याशी भांडतात. भांडोत बापडे.

एक आई इतकी गाजल्यावर दुसऱ्या कुणी आणखी दोन आया काढल्या असत्या. अत्र्यांनी लगेच ‘महात्मा फुले’ काढला. जोतिराव झाले बाबूराव पेंढारकर, आणि मराठीसाठीचं रौप्यपदक मिळालं. माझ्या मते अत्र्यांची खरी छाती दिसते ती या सिनेमात, आणि तोच आज कुणी पाहत नाही. रत्नागिरीतल्या एखाद्या मंडळानं दोन्ही लागोपाठ दाखवावेत आणि मध्यंतरात ‘झेंडूची फुले’ मोठ्यानं वाचावीत. चहाचा खर्च माझ्याकडे.