चार तास शिजवलं, तरी पोर्क चामड्यासारखं? ते जास्त नाही, कमी शिजलंय

रीलमध्ये सगळं फार सोपं दिसतं. भांड्यातून मांसाचा मोठा तुकडा बाहेर येतो, दोन काटे टोचले जातात आणि बघता बघता त्याच्या रेषा न् रेषा सुट्या होतात. मग वर सॉस, कोबी आणि गुबगुबीत बन. झालं पुल्ड पोर्क सँडविच.

घरी मात्र चार तासांनी झाकण उघडलं की काटा आत शिरत नाही. मांस आक्रसलेलं, घट्ट, वरून भरपूर पाणी सुटलेलं. ‘जास्त शिजलं, वातड झालं’ असं म्हणून गॅस किंवा ओव्हन बंद केला जातो आणि दीड किलो मांस वाया जातं. बहुतेकांची चूक नेमकी इथेच होते. ते मांस जास्त शिजलेलं नसतं. उलट अजून तास-दोन तास शिजायचं बाकी असतं.

पुल्ड म्हणजे ओढलेलं. मांस सुरीने न कापता काट्याने किंवा हाताने ओढून मोकळं करायचं, म्हणून हे नाव. पदार्थ अमेरिकेच्या दक्षिणेकडचा. तिथे बार्बेक्यू म्हणजे जाळीवर खरपूस भाजलेले तुकडे नव्हेत. हिकरी किंवा ओकचं लाकूड जाळून निखारे करायचे, ते खड्ड्यात किंवा विटांच्या भट्टीत पसरायचे आणि त्यांच्या मंद आचेवर आख्खं डुक्कर रात्रभर शिजवायचं, हा तिथला बार्बेक्यू. गुलामगिरीच्या काळात हे रात्रभर जागण्याचं काम मुख्यतः गुलाम कृष्णवर्णीयांच्या वाट्याला होतं आणि आज जिचं कौतुक होतं ती कला त्यांच्याच हातांनी घडवली. रील्समध्ये हा ‘आळशी लोकांचा पदार्थ’ म्हणून विकला जातो, ते थोडं खटकतं ते यामुळे.

सॉसवरून तिथे प्रत्येक राज्याचं, कधी कधी एकाच राज्याच्या दोन टोकांचं भांडण आहे. नॉर्थ कॅरोलिनाच्या पूर्व भागात आख्खं डुक्कर आणि फक्त विनेगर-मिरचीचं पाणी. त्याच राज्यातल्या लेक्सिंग्टनकडे फक्त खांद्याचा भाग आणि विनेगरमध्ये थोडं केचप. साउथ कॅरोलिनाच्या काही भागात मोहरीचा पिवळा सॉस. मेम्फिसकडे टोमॅटोचा आंबट-गोड सॉस आणि सँडविचमध्येच कोबीची कोशिंबीर, म्हणजे कोलस्लॉ. घरी करणाऱ्याला यातलं काहीही चालतं.

खांदाच का हवा?

डुकराचा खांदा हा कायम राबणारा भाग. उभं राहायचं, चालायचं, जमीन उकरायची तर सगळा भार त्याच्यावर. असं राबणाऱ्या स्नायूंना बांधून ठेवण्यासाठी भरपूर कोलॅजन लागतं. कोलॅजन म्हणजे स्नायूंच्या धाग्यांभोवतीचं चिवट, पांढरट आवरण. शिवाय या भागात आतपर्यंत चरबीच्या रेषा असतात.

कोलॅजन पुरेसा वेळ उष्णतेत राहिलं की विरघळून त्याचं जिलेटिन होतं. पायाचं सूप प्यायल्यावर ओठ किंचित चिकटतात, तेच सूप फ्रिजमध्ये ठेवलं तर जेलीसारखं थिजतं, ते याच जिलेटिनमुळे. पुल्ड पोर्क रसरशीत लागतं तेही त्यामुळेच. मांसातलं बरंचसं पाणी तोवर निघून गेलेलं असतं. जिभेला जो ओलसरपणा जाणवतो तो मुख्यतः जिलेटिन आणि वितळलेल्या चरबीचा.

म्हणून पाठीकडचा, लॉइन नावाने मिळणारा, दिसायला सुंदर आणि महाग तुकडा इथे कामाचा नाही. त्यात कोलॅजनही कमी आणि चरबीही कमी. तो आठ तास शिजवला तर हाती फक्त कोरडा भुसा येतो. दुकानात खांद्याचा, म्हणजे शोल्डरचा एकसंध तुकडा मागावा. ‘करी कट’ नको. चरबी काढून देऊ का असं विचारलं तर नाही म्हणावं.

६५ अंशांवर नेमकं काय होतं?

इथे दोन वेगवेगळ्या गोष्टींची गल्लत होते. मांस खायला सुरक्षित होणं वेगळं आणि मऊ होणं वेगळं.

अमेरिकेच्या कृषी खात्याने २०११ मध्ये पोर्कच्या अख्ख्या तुकड्यांसाठी आतलं तापमान ६३ अंश सेल्सिअस आणि त्यानंतर तीन मिनिटांची विश्रांती पुरेशी ठरवली. खिम्यासाठी ही मर्यादा ७१ अंश आहे. पण खांद्याचा तुकडा ६३ अंशांवर खाऊन पाहिला तर चावता चावता जबडा दुखेल. कारण साधारण ६० ते ६५ अंशांच्या आसपास स्नायूंचे धागे आवळले जातात आणि आतलं पाणी पिळून बाहेर टाकतात. कोलॅजन मात्र अजून जसंच्या तसं असतं. मांस कोरडंही आणि चिवटही, असा हा सगळ्यात वाईट टप्पा. झाकण उघडून लोक नाराज होतात ते बहुतेकदा याच टप्प्यावर.

७० अंशांच्या पुढे कोलॅजन विरघळायला लागतं, पण हळूहळू. ९० ते ९५ अंशांपर्यंत पोहोचेस्तोवर बहुतेक बांधणी सुटलेली असते आणि धागे आपापले मोकळे होतात. पुल्ड पोर्कचं खरं लक्ष्य हे आहे. मांसाच्या इतर अनेक तुकड्यांसाठी हा आकडा अति वाटेल, खांद्यासाठी तो बरोबर आहे.

मध्ये आणखी एक गंमत होते. मांस उघडं ठेवून शिजवलं तर ६५ ते ७५ अंशांच्या दरम्यान तापमानाचा काटा अडकतो, कधी कधी दोन-तीन तास हलत नाही. अमेरिकेत याला ‘स्टॉल’ म्हणतात, गाडी मध्येच बंद पडावी तसं. ग्रेग ब्लाँडर या भौतिकशास्त्रज्ञाने प्रयोग करून याचं कारण दाखवलं: बाष्पीभवन. पृष्ठभागावरचं पाणी उडून जाताना उष्णता घेऊन जातं, माठातलं पाणी गार होतं तसंच. भट्टी जितकी उष्णता देते तितकी बाष्पीभवन काढून घेतं. उपाय सोपा आहे. फॉइलमध्ये घट्ट गुंडाळलं की वाफ कोंडते आणि काटा पुन्हा चढायला लागतो.

ओव्हन, स्लो कुकर की आपला प्रेशर कुकर?

दीड किलो बिनहाडाचा खांदा घेतला तर मीठ साधारण २० ते २२ ग्रॅम. त्यात काश्मिरी मिरची पूड, काळी मिरी, ठेचलेली लसूण, मोहरीची पूड आणि दोन चमचे गूळ मिसळून मांसाला चोळावं आणि रात्रभर फ्रिजमध्ये ठेवावं.

ओटीजी किंवा ओव्हन असेल तर १३० अंशांवर, खोल भांड्यात, तळाला अर्धा कप पाणी घालून आणि वरून फॉइलने घट्ट झाकून साधारण पाच-सहा तास. शेवटचा अर्धा तास फॉइल काढून आच वाढवली तर वरचा थर खरपूस होतो. घरच्या पर्यायांत चवीला हाच सर्वांत सरस.

स्लो कुकरमध्ये ‘लो’वर आठ ते दहा तास, ‘हाय’वर पाच-सहा तास. सारखं झाकण उघडून पाहायचं नाही, प्रत्येक वेळी वीस-पंचवीस मिनिटं वाढतात. या भांड्याची गोष्टही मजेशीर आहे. शिकागोचे इंजिनिअर आयर्विंग नॅक्सन यांच्या आईने त्यांना लिथुआनियातल्या आठवणी सांगितल्या होत्या. ज्यू कुटुंबांत शब्बाथला चूल पेटवत नसत, म्हणून शुक्रवारी संध्याकाळी कडधान्य-मांसाचं ‘चोलेंट’ बेकरीच्या निवत चाललेल्या भट्टीत रात्रभर ठेवायचे. त्यावरून नॅक्सन यांनी विजेचं भांडं बनवलं, १९४० मध्ये पेटंट मिळालं, १९७० मध्ये रायव्हल कंपनीने त्यांचा व्यवसाय घेतला आणि १९७१ पासून ते ‘क्रॉक-पॉट’ नावाने घरोघरी गेलं. ज्यू स्वयंपाकघरातल्या आठवणीतून आलेल्या या भांड्यात आज सर्रास डुकराचं मांस शिजतं.

स्लो कुकर घेतलाच असेल तर एक गोष्ट लक्षात ठेवा. त्यात राजमा थेट टाकू नका. मंद आचेवर त्यातलं लेक्टिन नावाचं विषारी प्रथिन नष्ट होत नाही. राजमा भिजवून आधी खळखळून उकळूनच घ्यावा.

आणि प्रेशर कुकर? तो उत्तम चालतो. आत साधारण १२० अंशांपर्यंत तापमान जातं, त्यामुळे कोलॅजन झपाट्याने विरघळतं. मांसाचे मुठीएवढे तुकडे, एक कप पाणी, पहिली शिटी झाली की गॅस बारीक करून ४५ ते ५० मिनिटं आणि वाफ आपोआप जिरू द्यायची. शिट्या मोजण्यापेक्षा घड्याळ पाहावं. खरपूस थर मिळणार नाही, तो नंतर तव्यावर परतून आणता येतो.

थर्मामीटर नसेल तर काटा टोचून फिरवावा. तुकडा सहज सुटला तर झालं, अडखळला तर पुन्हा आत. शिजलेलं मांस लगेच ओढू नये, अर्धा तास झाकून ठेवावं. मग रेषा सुट्या करून भांड्यातला रस वरची चरबी काढून त्यातच परत मिसळावा. ही पायरी रील्समध्ये हमखास गाळलेली असते आणि चव तिच्यातच असते. दीड किलो कच्च्या मांसाचं ९०० ग्रॅमच्या आसपास उरतं, म्हणजे आठेक सँडविच.

घरी लाकडाचा धूर नसतो, हे मान्य करायला हवं. ओढलेल्या मांसात वाटी ठेवून कोळशाचा धुंगार दिला तर थोडी कसर भरून निघते. खिडकी मात्र उघडी हवी.

सॉससाठी पाऊण कप विनेगर, चिली फ्लेक्स, मीठ आणि चमचाभर साखर एवढंच घेतलं तरी पुरे. पोर्कच्या चरबीला आंबट तोडतं, हे गोव्याला आणि वसईला सांगायची गरज नाही. विंदालू हा शब्दच पोर्तुगीज ‘व्हिन्या दाल्यूश’वरून आला, म्हणजे वाइन किंवा विनेगर आणि लसणीचं मुरवण. त्यातल्या ‘आलू’चा बटाट्याशी काहीही संबंध नाही. ईस्ट इंडियन घरांतल्या इंदयालमध्येही तोच आंबटपणा आहे. त्यामुळे बन मिळाला नाही तर लादी पाव किंवा गोव्याचा पोई बिनदिक्कत वापरावा. चोरिस पाव खाणाऱ्यांना हे नवीन नाही.

‘डुकराच्या मांसातून मेंदूत किडा जातो’ हे खरं आहे का?

या पदार्थाचा फोटो टाकला की कमेंटमध्ये हे येतंच. भीती निराधार नाही, पण वाट चुकीची सांगितली जाते.

टीनिया सोलियम नावाचा पट्टकृमी डुकरांत आढळतो. अळ्या असलेलं मांस कच्चं किंवा अर्धवट शिजलेलं खाल्लं तर माणसाच्या आतड्यात हा कृमी वाढतो. मेंदूतला आजार, ज्यामुळे फिट येतात, तो मात्र कृमीची अंडी पोटात गेल्याने होतो. ही अंडी बाधित माणसाच्या विष्ठेतून बाहेर पडतात आणि न धुतलेले हात, दूषित पाणी, कच्च्या भाज्या यांतून पसरतात. म्हणूनच आयुष्यात कधी मांस न खाल्लेल्यांनाही हा आजार होतो. ‘कोबीतला किडा’ म्हणून फिरणारे मेसेज याच अंड्यांबद्दल असतात, कोबीवरच्या हिरव्या अळीचा यात दोष नाही.

याचा या सँडविचशी थेट संबंध आहे. ९० अंशांपर्यंत शिजलेल्या मांसात अळी जगत नाही. धोका असलाच तर वर घातलेल्या कच्च्या कोबीतून. बाहेरची पानं काढून टाकावी, उरलेली सुटी करून वाहत्या पाण्याखाली धुवावी. शंका वाटली तर चिरण्याआधी उकळत्या पाण्यात मिनिट-दोन मिनिटं बुडवून काढावी. विनेगरमध्ये मुरवल्याने अंडी मरतील या भरवशावर राहू नये. पोर्क हाताळणाऱ्याने आणि कोशिंबीर करणाऱ्यानेही साबणाने हात धुवावे.

दुसरा धोका जास्त रोजचा आहे. ५ ते ६० अंशांच्या दरम्यान जिवाणू भराभर वाढतात. त्यामुळे गोठलेलं मांस थेट स्लो कुकरमध्ये टाकू नये, आधी फ्रिजमध्ये पूर्ण वितळू द्यावं. कुकर लावून कामाला गेलात आणि मागे वीज गेली, किती वेळ गेली हे कळायला मार्ग नाही, तर वरून शिजलेलं दिसलं तरी ते टाकून द्यावं. जीव तुटतो, पण टाकावं. घरीच असाल तर लगेच प्रेशर कुकरमध्ये काढून गॅसवर पूर्ण करता येतं.

उरलेलं मांस दोन तासांच्या आत, मे महिन्यातल्या उकाड्यात तासाभरातच, पसरट डब्यांत भरून फ्रिजमध्ये ठेवावं. एकाच खोल पातेल्यात ठेवलं तर मधला भाग कित्येक तास कोमटच राहतो. तीन-चार दिवस टिकतं. गरम करताना दोन चमचे पाणी किंवा विनेगर शिंपडून झाकण ठेवावं आणि सगळीकडून वाफ येईपर्यंत तापवावं. फ्रिजमधून काढल्यावर डब्यात कडेला जेलीसारखा थर दिसेल. तो ओतून देऊ नका, तेच ते जिलेटिन.