आधी बिस्कीट की आधी नेलकटर?

पेटची तयारी करणाऱ्या (परीक्षेची, पाळीव प्राण्याची नव्हे) एकीने विचारलं, ‘कंडिशनिंगमध्ये क्रमाला एवढं महत्त्व का? दोन गोष्टी एकत्र आल्या की झालं ना?’ मलाही तसंच वाटायचं. आमच्या चिंगीने धडा शिकवला.

चिंगीची नखं काळी. कुत्र्याच्या नखाचं बाहेरचं आवरण केराटिनचं असतं, ते कापलं तर दुखत नाही. आत जिव्हाळी असते, रक्तवाहिन्या आणि नसांचा जिवंत भाग. पांढऱ्या नखात ती गुलाबी दिसते, काळ्या नखात बाहेरून काहीच कळत नाही. मागच्या वर्षी मी घाईत एक नख थेट जिव्हाळीपर्यंत कापलं. रक्त कॉर्नफ्लोअर दाबून धरल्यावर थांबलं, पण भीती बसली ती बसलीच.

मग मी शहाणपणा केला. आधी बिस्कीट द्यायचं, ती खुश झाली की नेलकटर काढायचं. तीनेक आठवड्यांत काय झालं असेल? डब्याचं झाकण वाजलं की चिंगी पलंगाखाली!

पावलोव्हचा प्रयोग आठवा. खाण्याची चाहूल देणारा इशारा खाण्याच्या *आधी* यायचा, म्हणून त्याला अर्थ आला. माझ्याकडे आधी येत होतं बिस्कीट, म्हणजे तेच संकटाचा इशारा झालं. मेरी कव्हर जोन्सने १९२४ मध्ये सशाला घाबरणाऱ्या पीटर या मुलाला आवडीचं खाणं देत ससा हळूहळू जवळ आणला आणि भीती घालवली. पण हे बेफिकिरीने केलं तर उलटं होऊन खाण्याचीच भीती बसू शकते, हेही तिने लिहून ठेवलंय. मी पेपर वाचला होता बरं का. वाचून उपयोग शून्य.

आता क्रम उलटा केला. नेलकटर दिसलं की *नंतर* चिकनचा तुकडा, नेलकटर ड्रॉवरमध्ये गेलं की चिकनही बंद. सुरुवातीचे बरेच दिवस कापणं नाहीच. पुढे पंजाला हात, मग नखाला नुसता स्पर्श, मग एका दिवशी एकच नख. कापताना अगदी पातळ काप घ्यायचे आणि दर वेळी कापलेली बाजू बघायची, मधोमध गडद ठिपका दिसला की थांबायचं. पुढच्या पायाच्या आतल्या बाजूचं, वर असलेलं नख विसरू नका. ते जमिनीला घासत नाही, झिजत नाही, आणि वळून कातडीत रुतू शकतं.

प्रगती मोजायची कशी? ‘चिंगी कमी घाबरते’ हे माप नाही. मी पंजा धरल्यापासून तिने तो ओढून घेईपर्यंतचे सेकंद लिहिते. आकडा वाढतोय.

हे गाईडना उत्साहाने सांगितलं, तर पहिला प्रश्न आला, ‘नेलकटर तेच आहे का?’ नव्हतं. जुनं बोथट होतं, नखाला नुसतं दाबायचं, म्हणून नवीन आणलं. बिस्किटाचं चिकनही त्याच आठवड्यात झालं. म्हणजे एकदम तीन व्हेरिएबल बदलले, आणि कुत्री एकच. क्रमामुळेच फरक पडला असं मला छातीठोक सांगता येणार नाही. जुनं नेलकटर परत वापरून तपासता येईल, पण चिंगीवर ते करायची माझी तयारी नाही.

मागचा डावा पाय अजून बाकी आहे. तिथला आकडा सध्या चार सेकंद.