कालिया वाचला, गोगोला हरवला

दादासाहेब फाळके यांचा ‘कालिया मर्दन’ हा चित्रपट 1919 सालचा. डोहातल्या महाकाय नागाशी झुंजणारा बाळकृष्ण साकारला होता त्यांच्या लहानग्या मुलीने, मंदाकिनीने. जपानच्या तोहो कंपनीचा ‘गॉडझिला’ त्यानंतर 35 वर्षांनी, 1954 मध्ये आला. 1966 मध्ये बलवंत दवे यांच्या ‘गोगोला’तला राक्षस समुद्रातून थेट मुंबईवर चालून आला.

तिघांचं नशीब मात्र वेगवेगळं ठरलं. 1954 ते 1975 या काळातले गॉडझिलाचे 15 जपानी चित्रपट 2019 मध्ये एकाच संचात रसिकांना मिळाले. ‘कालिया मर्दन’चा बराच भाग आज मोबाइलवरही पाहता येतो. ‘गोगोला’ची गाणी तेवढी तबकड्यांवर उरली, चित्रपट हरवला.

कालिया वाचला तो पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयामुळे. 1964 मध्ये ही संस्था उभी राहिली आणि पी. के. नायर यांनी तिच्यासाठी देशभर फिरून रिळं गोळा केली. फाळके कुटुंबाकडचे तुकडे मिळवून त्यांनी ते क्रमाने जुळवले.

रिळं जपण्याचं हे काम सोपं नाही. जुनी नायट्रेट फिल्म झटकन पेट घेते. जानेवारी 2003 मध्ये पुण्यातच लागलेल्या आगीत अशी कितीतरी रिळं जळाली. नंतरची अ‍ॅसिटेट फिल्म उष्ण, दमट हवेत कुजते आणि तिला व्हिनेगरसारखा आंबूस वास सुटतो. म्हणून रिळं थंड, कोरड्या खोलीत ठेवतात. फिल्म साफ करून, फाटलेली भोकं सांधून एकेक चौकट स्कॅन करतात. सेकंदाला 24 चौकटी धरल्या, तर दोन तासांच्या बोलपटात 1,72,800 चौकटी भरतात. डिजिटल प्रतही वेळोवेळी नव्या साठवणीत हलवावी लागते. म्हणूनच मूळ रीळ कधीही टाकून द्यायचं नसतं.

जुन्या आठवणी जपणं किती अवघड, हे महाड-पोलादपूरकरांना वेगळं सांगायला नको. जुलै 2021 मध्ये सावित्री-गांधारी नद्यांच्या पुराचं पाणी घराघरांत शिरलं, तेव्हा कागद आणि फोटो किती सहज नाहीसे होतात ते सगळ्यांनी पाहिलं.

तुमच्या माळ्यावर, एखाद्या जुन्या ट्रंकेत रिळाचा डबा असेल, तर तो भंगारात देऊ नका. उन्हात वाळवू नका, प्रोजेक्टरवर चढवू नका, चुलीपासून लांब ठेवा आणि पुण्याच्या संग्रहालयाला कळवा. कदाचित त्या डब्यात गोगोला असेल.