लाल एक, पिवळे दोन

भिवंडीच्या गोदामात फोर्कलिफ्ट भर कामात थांबली, की चालकाचा हात आधी किल्लीवर जातो. बंद, चालू, पुन्हा बंद. कधी कधी गाडी सुरू होतेही. पण काय बिघडलं होतं ते सांगणारा साक्षीदार तेवढ्यात गप्प झालेला असतो.

हा साक्षीदार म्हणजे बॅटरी आणि मोटर यांच्यामधला कंट्रोलर. अमेरिकेत १९६० साली सुरू झालेल्या कर्टिस कंपनीचे कंट्रोलर अनेक बनावटींच्या गाड्यांत असतात. त्यांच्या १२३६, १२३८ या एसी मोटरच्या मॉडेलांवर दोन बारीक दिवे आहेत. लाल एकदा लुकलुकला की पिवळ्याने पहिला आकडा मोजायचा, दोनदा लुकलुकला की दुसरा. लाल एक, पिवळे दोन; लाल दोन, पिवळे तीन. झाला कोड २३: व्होल्टेज पडलं, म्हणून ताकद कमी केली.

नवखा फसतो तो इथेच. उभ्या गाडीत ४८ व्होल्टची बॅटरी मल्टिमीटरवर ५० दाखवते आणि हा कंट्रोलरला दोष देऊन मोकळा! मीटर तसाच लावून ठेवा आणि भरलेलं पॅलेट उचलायला सांगा. २४ सेलांपैकी एखादा बसला असेल, तर आकडा धाडकन खाली येतो. मग एकेक सेल लोडवर मोजायचा, हायड्रोमीटर लावायचा. पूर्ण चार्ज झालेला सेल १.२८० च्या आसपास असतो. बसलेला लगेच उघडा पडतो. सेल ठीक निघाले, तर टर्मिनलवरची बुरशी आणि ढिले नट बघा.

३८ म्हणजे मुख्य कॉन्टॅक्टर चिकटला, ३९ म्हणजे तो ओढलाच नाही. ३६ आला तर मोटरचा वेग मोजणाऱ्या एन्कोडरची ऑर्डर देण्याआधी त्याचा प्लग आणि वायर तपासा. ४७ तर कित्येकदा बिघाडच नसतो. सीटवर नीट बसण्याआधीच चालकाचा पाय अ‍ॅक्सिलरेटरवर पडलेला असतो. कोड बघून थेट पार्ट मागवणारा मेकॅनिक मालकाला महागात पडतो, हे माझं स्पष्ट मत. दुसऱ्या बनावटीच्या कंट्रोलरवर हेच आकडे वेगळं सांगतात, त्यामुळे पुस्तिका त्याच गाडीची हवी. आणि बॅटरीचा प्लग काढला तरी कपॅसिटरमध्ये चार्ज उरतो. रेझिस्टर लावून तो उतरवल्याशिवाय आत हात घालू नये.

दिवे फक्त चालू बिघाड दाखवतात. जुनी नोंद वाचायला हातातला प्रोग्रामर लागतो, आणि तो प्रत्येक गोदामात नसतो. तेव्हा चालकमंडळींनो, किल्ली फिरवण्याआधी दिव्यांचा किंवा डिस्प्लेवरच्या कोडचा मोबाइलवर व्हिडिओ काढा, आणि गाडी थांबली तेव्हा काय उचलत होतात, तेही मेकॅनिकला सांगा.