लष्करी कायद्याच्या सावलीतील फिलिपिनो चित्रपट

फिलिपीन्समध्ये १९७०च्या सुमारास नग्नतेच्या बळावर गर्दी खेचणाऱ्या चित्रपटांना ‘बोम्बा’, म्हणजे बॉम्ब, म्हटले जाई, आणि १९८०च्या दशकातील त्यांच्या वारसांना ‘बोल्ड’ हे नाव पडले. परंतु ज्या चित्रपटांनी राज्यकर्त्यांना खऱ्या अर्थाने डिवचले, ते या दोन्ही लाटांपेक्षा वेगळे होते. सप्टेंबर १९७२मध्ये फर्डिनांड मार्कोस यांनी लष्करी कायदा पुकारल्यानंतर सेन्सॉरचा पहारा कडक झाला, आणि त्याच पहाऱ्यात लिनो ब्रोका यांचा ‘इन्सियांग’ (१९७६) तयार झाला. मनिलाच्या तोंदो झोपडपट्टीत घडणाऱ्या या कथेत आईचा प्रियकर मुलीवर बलात्कार करतो, आई त्याचीच बाजू घेते, आणि मुलगी आईच्याच हातून त्याचा सूड उगवते. हिल्डा कोरोनेल यांनी ही मुलगी इतक्या संयमाने उभी केली आहे, की तिच्या शांत चेहऱ्याचेच भय वाटू लागते. १९७८मध्ये हा चित्रपट कान महोत्सवात पोहोचला.

नोरा औनोर यांचे धाडस निराळ्या जातीचे होते. गोऱ्या, मिश्रवंशीय नायिकांची सद्दी असलेल्या चित्रसृष्टीत ही सावळी, गरीब घरची गायिका चाहत्यांची देवता बनली होती; अशा वेळी तिने ब्रोका यांच्या ‘बोना’ची (१९८०) स्वतः निर्मिती केली, आणि एका दुय्यम नटाच्या भक्तीपायी घर सोडून त्याची मोलकरीण होणाऱ्या मुलीची भूमिका केली. ज्या भक्तीवर आपले वैभव उभे आहे, तिच्यातील आत्मनाश पडद्यावर मांडणारी तारका विरळाच. बालतारका म्हणून लाडक्या झालेल्या विल्मा सान्तोस यांनीही ‘बर्लेस्क क्वीन’मध्ये (१९७७) नर्तकीची भूमिका पत्करून सोज्वळ प्रतिमा मोडली.

इश्माएल बेर्नाल यांच्या ‘मनिला बाय नाइट’मुळे (१९८०) सत्तेचे दुखणे उघड झाले: वेश्या, व्यसनी आणि समलिंगी यांच्या रात्री रंगवणाऱ्या या चित्रपटातून शहराचे नावच काढायला लावले गेले, आणि तो ‘सिटी आफ्टर डार्क’ या नावाने प्रदर्शित झाला. त्याच राजवटीत पुढे सरकारी मनिला फिल्म सेंटरमध्ये बोल्ड चित्रपट सेन्सॉरच्या कात्रीविना दाखवले गेले. उघडा देह सत्तेला चालत होता. उघडे शहर तिला सोसवत नव्हते.

‘बोना’ची पुनरुज्जीवित प्रत २०२४मध्ये कानला दाखवण्यात आली, आणि एप्रिल २०२५मध्ये नोरा औनोर यांचे निधन झाले.